जुना नाला, तालुका युक्रेन

मंडळाच्या सेक्रेटरीताई चौबे कॉलोनीतून स्कूटीवर आल्या आणि म्हणाल्या, "काका, यंदाच्या दिवाळी अंकात तुमचं पाहिजेच. कोळशाच्या खाणीतले अनुभव. थोडं प्रेरणादायी लिहा." मी म्हटलं, "बाई, मी चौथी पास. प्रेरणा कशी लिहितात ते मले माहीत नाही." त्या म्हणाल्या, "जसं बोलता तसं लिहा, आम्ही शुद्ध करून घेऊ."

तेव्हा मी अट घातली. लिहिताना मी 'मला' लिहीन, कारण मास्तरानं कान पिळून तेवढं शिकवलं आहे. पण माणसं जिथं बोलतील तिथं 'मले' असेल तर 'मले'च छापायचं. माझ्या तोंडाला साबण लावायचा नाही. त्या हसल्या. बघू आता काय छापतात.

दुसरं म्हणजे, मी एका गावाबद्दल लिहिणार आहे आणि ते गाव मी पाहिलेलं नाही. नाव स्तारा बाल्का. युक्रेन देशाच्या पूर्वेला, कोळशाच्या पट्ट्यात. टीव्हीवर त्याचं नाव एकदाच आलं, तेही बातम्या देणाऱ्या पोरीनं चुकीचं वाचलं. बाल्का म्हणजे नाला, स्तारा म्हणजे जुना. आपल्या रायपुरात असतं तर लोकांनी त्या वस्तीला 'जुनानाला पारा' म्हटलं असतं आणि पावसाळ्यात नगरसेवकाला शिव्या दिल्या असत्या.

बाहेरच्या माणसाला आधी माझं काम सांगतो. खाणीत उतरायला जी खोल उभी विहीर असते तिला आम्ही चानक म्हणतो. चानकात लोखंडाची डोली लटकते, माणसं आणि कोळसा दोन्ही तिच्यातूनच येतात जातात. वर इंजिनघरात मोठा ढोल असतो, त्याच्यावर तारेचा जाड दोर गुंडाळलेला. तो ढोल फिरवणारा मी. गंमत अशी की सगळ्यांचा जीव ज्याच्या हातात, त्यालाच कोणी दिसत नाही. माझ्या समोर भिंत. मला फक्त घंटी ऐकू येते. चालत्या डोलीला एक घंटी म्हणजे थांब. उभ्या डोलीला एक म्हणजे वर ओढ. दोन म्हणजे खाली सोड. हे कायद्यात आहे आणि इंजिनघरात पत्र्यावर रंगवलेलं होतं. खाली मंत्री आहे की मजूर, घाबरला आहे की डुलकी काढतो आहे, त्याच्याशी माझा संबंध नाही. मी घंटी ऐकतो. मन ऐकत नाही.

आमची खाण उत्तरेकडच्या जंगलात. तेव्हा छत्तीसगड वेगळं झालेलं नव्हतं आणि तिकडचा सोव्हिएत देश तुटलेला नव्हता. करार झाला आणि नवी मशीनं बसवायला तिकडून साहेब लोक आले. त्यातला एक मिकोला. उंच, लाल मानेचा, मशीन मेकॅनिक. सोबत बायको आणि गाल्या नावाची लहान मुलगी. सगळे त्याला रशियन म्हणायचे. तो बोट वर करून म्हणायचा, "नो रशियन. उक्राइना." मॅनेजर म्हणायचे, "अरे, एकच ते." मला ते पटायचं नाही. मलाही लोक नागपूरवाला म्हणतात. मी वर्ध्याचा आहे. एकच कसं?

पहिले काही दिवस मला वाटलं, माणूस फार चांगला, नावानं हाका मारतो. माझं नाव सुदाम. तो लांबून हात हलवून ओरडायचा, "स्युदा! स्युदा!" मी धावत जायचो. पुढं पाहिलं तर तो फिटरलाही स्युदा म्हणतो, मॅनेजरच्या ड्रायव्हरलाही स्युदा म्हणतो. दुभाष्या चॅटर्जीबाबू म्हणाले, "उसका मतलब है, इधर आओ." तेव्हापासून मी जायचं बंद केलं. नाव घे, मग येतो.

मग ते दोन घंट्यांचं झालं. चानकाच्या भिंती तपासायला मिकोला डोलीच्या छतावर उभा राहून उतरला. सोबत आपला एक फिटर. चॅटर्जीबाबूंना अंधाराची भीती, ते वर कँटीनमध्ये. चानकात एक तार सोडलेली असते, ती ओढली की माझ्याकडे घंटी वाजते. अर्ध्यात आल्यावर एक वाजली. मी थांबवली. थोड्या वेळानं दोन वाजल्या. मी खाली सोडली. लगेच एक. थांबवली. परत दोन, जरा जोरात. परत खाली सोडली. एक. दोन. एक. दोन. मी म्हटलं, साहेब मोठा बारीक तपासून राहिला, वीत वीत उतरतो. शेवटची दोन तर अशी वाजली की घंटीची कडी तुटते का काय. मी सोडली खाली. चानकाच्या तळाला पाण्याचा खड्डा असतो, पंप त्याच्यातून पाणी उपसतो. डोली त्यात गेली. साहेब छातीपर्यंत.

मग फिटरनं साहेबाच्या हातातून तार घेतली आणि एक घंटी दिली, मी थांबवली; परत एक दिली, मी वर ओढली. नंतर मी त्याला विचारलं, "काहून बे, आधी काहून नाही घेतली तार?" तो म्हणाला, "साहब थे भैया. साहब के हाथ से कैसे छीनता?" तोही गळ्यापर्यंत भिजला होता, पण साहेबाचा मान राखून.

मिकोला वर आला तो "वदा! वदा!" ओरडतच. वदा म्हणजे त्यांच्याकडे पाणी. त्याला सांगायचं होतं, पाणी, पाण्यात घातलं मला. कँटीनवाल्याला वाटलं साहेबाला भूक लागली. तो द्रोणात गरम वडे घेऊन धावला. मिकोलानं तो द्रोण भिंतीवर मारला. मग ओल्या बुटांनी तडक इंजिनघरात आला, माझ्या नाकासमोर दोन बोटं धरली आणि आभाळाकडं दाखवली. मीही दोन बोटं धरली आणि जमिनीकडं दाखवली. चॅटर्जीबाबू आल्यावर उलगडा झाला. त्यांच्या देशात दोन घंट्या म्हणजे वर, तीन म्हणजे खाली. तो आपल्या कायद्यानं बरोबर, मी आपल्या कायद्यानं बरोबर, आणि वडे वाया गेले.

मॅनेजरनं त्याला सांगितलं, खाण भारतात आहे, घंटी भारताची. त्यानं हार मानली नाही, घंटीच सोडली. त्यानंतर जितके दिवस होता, तारेला हात लावला नाही. सोबतच्या माणसाला अंगठा वर किंवा खाली करून दाखवायचा आणि त्यानं तार ओढायची. मला म्हणायचा, "सुदाम, तू गाढव." हे त्यानं बाजारातून शिकलेलं हिंदी. हो म्हणायला 'हव' पण शिकला, का विचारायला 'काहून' माझ्याकडून घेतलं. कोणी काही सांगितलं की म्हणायचा, "काहून?" मॅनेजरलाही.

तर असं भांडण झालं की दोस्ती होते किंवा बदली. आमची बदली झाली नाही. जेवणाच्या सुट्टीत तो इंजिनघरात येऊन बसायचा. माझ्या मंडळीच्या हातचा झुणका खायचा, नाकातून पाणी गळायचं पण कमी तिखट मागायचा नाही. आणि चॅटर्जीबाबूंना बाजूला बसवून आपल्या गावाचं सांगायचा. चॅटर्जीबाबू कंटाळत, तरी बसत, कारण झुणका त्यांनाही लागायचा.

त्या गावात आधी काही नव्हतं. माळ, काटे आणि नाला. मेंढक्यांनी चूल मांडली तर चुलीचे दगडच पेटले म्हणे. मग कुठल्या तरी दूरच्या देशाच्या कंपनीनं चानक खोदली, भोवती झोपड्या आल्या, मग देऊळ, मग गुत्ता. गुत्ता आधी आणि देऊळ नंतर असं मिकोलाचं म्हणणं, पण तो देव मानत नव्हता, त्यामुळं त्याची साक्ष धरू नका. गावाला कंपनीच्या साहेबाचं नाव दिलं. क्रांती झाली, साहेब पळाला, गावाला क्रांतीचं नाव दिलं. पुढं देश तुटल्यावर क्रांतीचंही नाव काढून टाकलं आणि परत जुना नाला केलं. माणसं तीच, खोकला तोच, पाटी बदलायची. आपल्या चौकांची नावं बदलतात तसंच.

मध्ये एक दुष्काळ आला, ज्यात गहू होता पण सरकारनं नेला. ते सांगताना मिकोलानं आवाज बारीक केला होता, इतक्या लांब जंगलातही. चॅटर्जीबाबूंनीही ते माझ्या कानाजवळ येऊन सांगितलं. खोलीत आम्ही तिघंच होतो.

मग जर्मन आले. ते यायच्या आधी गावच्याच लोकांना हुकूम आला, इंजिन फोडा, पंप बंद करा, खाण बुडवा, शत्रूला कोळसा मिळायला नको. ज्यांनी बांधली त्यांनीच बुडवली. मिकोलाची आई तेव्हा तरुण पोरगी, तिला मालगाडीत घालून फार लांब पूर्वेला पाठवलं. जर्मन आले, त्यांनी थोडी उपसली, जाताना त्यांनीही बुडवली. मग आई परतली. पुरुष सैन्यात नाहीतर मातीत. बायांनी खाण उपसली. हातपंप, बादल्या, जे मिळेल त्यानं. त्या पाण्यात काय काय सापडलं ते मिकोलानं सांगितलं नाही आणि चॅटर्जीबाबूंनी विचारलं नाही. एवढंच म्हणाला, आई मरेपर्यंत विहिरीचं पाणी गाळून पीत होती.

मग चांगले दिवस. शाळा, फुटबॉलचं मैदान, रस्त्याच्या दोन्ही बाजूंना गुलाब. मी म्हटलं, कोळशाच्या गावात गुलाब काहून? तो म्हणाला, काळं रोज बघतो, म्हणून. आणि गावाच्या टोकाला मलब्याचा डोंगर. खाणीतून कोळशासोबत जो निकामी दगड निघतो त्याचा. दोन पिढ्यांनी फेकलेला कचरा.

करार संपला, मिकोला गेला. त्यांचा देश तुटला, खाण बंद पडली, लोकांनी परसात खड्डे खणून कोळसा काढला. मिकोला मात्र रिटायर होऊनही रोज चानकावर जायचा. खाण बंद असली तरी पंप चालू ठेवावा लागतो, नाहीतर पाणी चढतं आणि गावच्या विहिरी नासतात. तेवढा पंप तो सांभाळायचा. हे मला कसं कळलं, तर गाल्यानं माझ्या मुलाला, मिलिंदला, मोबाईलवर शोधून काढलं. लहानपणी आमच्या क्वार्टरच्या अंगणात दोघं खेळायचे. रिटायर झाल्यावर मी रायपुरात गुढियारीला घर केलं, त्याच्या निळ्या भिंतींचे फोटो मिलिंदनं तिला आणि मिकोलाला पाठवले. त्या पोरीला हिंदी अजून येतं. मिलिंदला मराठी येतं, पण तो बोलतो हिंदी.

मग त्या भागात लढाई लागली, आणि काही वर्षांनी रशियाचं मोठं सैन्यच आलं. आमच्या गुढियारीच्या चहाच्या टपरीवर सगळे सेनापती झाले. एक जण कपबशी मांडून लढाईचा मोर्चा दाखवायचा. मालधक्क्यावरचा हमाल त्याला म्हणाला, "भैया, पहले कप का पइसा दे, फिर मोर्चा जीत." टीव्हीवर तर नकाशावर आगीचे गोळे आणि वर ढोलताशासारखं संगीत. त्याच टीव्हीवर मी पाहिलं, दोन सैन्यं एका काळ्या टेकडीसाठी मरून राहिली. सपाट माळावर तीच एक उंच जागा, वर बसेल त्याला सगळं दिसतं. 'रणनीतिक चोटी' म्हणत होती पोरगी. माये, तो मलबा आहे. आम्ही त्याच्यावर थुंकतो.

मग गाल्याचा फोन आला. ती त्या देशाच्या पश्चिम टोकाला एका फ्लॅटात राहते. आई गेली. बाप स्तारा बाल्कात एकटा. लाईट गेली, पंप बंद, अर्धं गाव पडलं. तरी बाप रोज चानकात दगड टाकून पाणी किती चढलं ते ऐकतो. माणसं काढायला गाडी येते, तो बसत नाही. आता गाडी एकदाच येणार होती, नंतर रस्ता राहणार नव्हता.

"अंकल, आप बोलिए," ती म्हणाली. "पापा कहते हैं, दुनिया में एक ही आदमी मुझसे ज़्यादा जिद्दी है. इंडिया का सुदाम."

माझी छाती फुगली, खोटं काहून बोलू. पण सांगायचं काय? मी स्वतः गुढियारीचं घर सोडत नव्हतो. मिलिंदनं रायपुरातच तेलीबांध्याला सहाव्या माळ्यावर फ्लॅट घेतला, खिडकीतून तलाव दिसतो. म्हणतो, "बाबा, चलो ना, अकेले क्यों रहते हो?" मी म्हणायचो, तलाव किती वेळ बघायचा? इथं मालगाडीचा आवाज आहे. मंडळी गेली त्याच घरातून, मीही तिथूनच जाईन. मिलिंद म्हणाला, "अब आप उनको क्या समझाओगे? आपके मुँह से?"

बोलणं ठरलं रविवारी. त्या दिवशी मी जेवायला मिलिंदकडे होतो. पडद्यावर मिकोला दिसला. तळघरात, टोपी, पांढरी दाढी, मागं बरणीत मेणबत्ती. गाल्या तिकडून आम्हा दोघांच्या मध्ये. लागेल तिथं ती सांगायची, बाकी त्याचं बाजारातलं हिंदी अजून शाबूत होतं.

"सुदाम. गाढव."

"तू गाढव," मी म्हटलं.

त्यानं डोळे बारीक केले. "ये घर तेरा नहीं."

माझ्या मागं मिलिंदचा सोफा, पांढरा पडदा आणि तलाव. मला दुसरं काही सुचलं नाही, आणि जे सुचलं ते तोंडातून निघूनही गेलं होतं. "मेरा घर छोड़ दिया. अब पोट्ट्याकडे राहतो."

बाजूला मिलिंदच्या हातातला चमचा थांबला. गाल्यानं ते तिच्या भाषेत सांगितलं. मिकोलानं टोपी मागं सारली.

"तू? छोड़ा?"

"हव."

"काहून?"

आता इथं काहीतरी सांगायला पाहिजे होतं. जे मिलिंदला इतकी वर्षं सांगितलं नाही ते त्याच्याच देखत, परक्या देशातल्या माणसाला सांगावं लागलं. "म्हातारा झालो मिकोला. बाथरूममध्ये दोनदा पडलो. कोणाले सांगितलं नाही. एकट्यानं होत नाही आता." पडलो ते खरं होतं. सोडलं ते खोटं. दोन्ही एकाच श्वासात गेलं.

तो म्हणाला, "मेरा पंप है. पानी है."

"पंप बंद आहे. तू दगड टाकून ऐकला म्हणून पाणी उतरते काय?"

"माँ ने इधर पानी निकाला. इसी में."

"काढलं ना? कसं काढलं? आधी मालगाडीत बसून गेली होती म्हणून काढलं! तिथंच बसून राहिली असती तर तिलेच बाहेर काढावं लागलं असतं. तू नेहमी सांगतो आई परत आली, परत आली. बेट्या, गेली होती म्हणून परत आली!"

गाल्यानं ते सांगितलं. मग परत सांगितलं, जरा मोठ्यानं. मिकोलानं टोपी काढली, डोकं खाजवलं, परत घातली. मग पडदा काळा झाला.

मिलिंद माझ्याकडं बघत होता. "बाबा, दो बार गिरे?"

"जेव," मी म्हटलं.

मिकोला गाडीत बसला. गाल्याचा निरोप आला, फोटोसकट. गाडीत गोधडी गुंडाळून, तोंड असं की जणू मीच त्याला परत खड्ड्यात सोडलं. त्यानंतर स्तारा बाल्का पडलं. एक बाजू म्हणते आम्ही घेतलं, दुसरी म्हणते अजून आमचं आहे. ड्रोननं काढलेला फोटो मिलिंदनं दाखवला. भिंती आहेत, घरं नाहीत. गुलाबाचा रस्ता कुठला ते कोणालाच सांगता येणार नाही. तेवढा मलब्याचा डोंगर मी ओळखला. कचरा राहिला, बाकी गेलं. जिंकणाऱ्याला तोच मिळाला आहे, घ्या म्हणावं.

पण माझी पंचाईत झाली. मिकोला गाल्याकडं पोचला आणि फोन करायला लागला. वेळ नाही, काळ नाही. आणि फोन लागला की पहिलं म्हणायचा, तलाव दाखव. त्याला संशय होता. झाला असणारच, मी त्याच्या जागी असतो तर मलाही झाला असता. म्हणजे मला खरंच तेलीबांध्याला राहावं लागलं. कपडे आणले, पलंग आणला. इतकी वर्षं ज्यासाठी माझ्या पोट्ट्यानं हात जोडले, ते एका युक्रेनच्या म्हाताऱ्याच्या पहाऱ्यानं झालं. मिलिंदनं बाथरूममध्ये धरायला दांडा बसवला आणि त्याबद्दल एक शब्द बोलला नाही. सून बोलली, पण ती चांगलं बोलली.

परवा मात्र मी रिक्षा करून गुढियारीला गेलो. दिवाळी तोंडावर आली, घर बंद, म्हटलं झाडून घ्यावं. कोणाला सांगितलं नाही. अंगण झाडलं, आतली खोली उघडली, आणि खिशात फोन वाजला. सवयीनं उचलला. पडद्यावर मिकोला. माझ्या मागं निळा चुना, मंडळीचा फोटो, खुंटीवर जुनी छत्री.

तो त्या घराला बघत राहिला. शेजारी गाल्या होती, तिनं तोंडावर हात धरला.

"तलाव कहाँ?" तो म्हणाला.

मी फोन दुसरीकडं वळवला, तिकडंही निळाच चुना.

"छोड़ा नहीं तू."

"नाही."

"झूठा. मैं गाड़ी में बैठा. तू झूठा."

"हव," मी म्हटलं. "झूठा. तू बसला ना गाडीत?"

मला वाटलं आता फोन आपटेल, आणि माझी पुन्हा कधी त्याच्याशी गाठ पडणार नाही. मालधक्क्यावर गाडी शंटिंग करत होती, डब्यांची टक्कर झाली, तो आवाज त्यानंही ऐकला असेल. त्यानं मान वाकडी करून पडद्यात वर काहीतरी पाहिलं.

"ऊपर," तो म्हणाला. "कोना."

छताच्या कोपऱ्यात जाळं होतं. चांगलं मोठं, कोळ्यासकट.

"मेरे घर को छत नहीं," तो म्हणाला. "मकड़ी किधर बैठेगी? तेरे को छत है. निकाल उसको."

मी फोन खिडकीत टेकवला, बांबूला झाडू बांधला आणि स्टुलावर न चढता, सुनेला वचन दिलं आहे म्हणून, जमिनीवरूनच जाळं काढलं. तो तिकडून सांगत होता, और थोड़ा, उधर, रह गया. धूळ माझ्या डोळ्यांत गेली. डोळे पुसून मी पाहिलं तर तो फोनच्या अगदी जवळ आला होता.

"अब दूसरा कमरा दिखा," तो म्हणाला.